जंगूचं चालणं

गौतमी वाळके चांद्याजवळच्या ऊर्जानगर वसाहतीतल्या शाळेत चित्रकला शिकवायची आणि सुट्टीत सिनेमे काढायची. चांद्याला धम्मदीक्षा झाली त्याच साली, छप्पनला, ती जन्मली, म्हणून वडिलांनी नाव गौतमी ठेवलं. वडील गुणवंतराव वीज केंद्रात बॉयलरवर ऑपरेटर होते. मुलगी नागपूरला चित्रकला शिकली, मग पुण्याला दोन वर्षं सिनेमाचं तंत्र शिकली, आणि तिशी आली तरी लग्नाचं नाव न काढता आईवडिलांच्या क्वार्टरमध्ये न्हाणीघराला काळे पडदे लावून फोटो धूत बसली. शेजारपाजारचे त्यांना बरंच काही विचारत. गुणवंतराव एवढंच म्हणत, "तिचं काम चालू आहे."

काम म्हणजे नेमकं काय, हे सांगणं त्यांनाही जमलं नसतं. गौतमीच्या सिनेमात गोष्ट नसे, माणसं बोलत नसत. एका सिनेमात आठ मिनिटं फक्त दोरीवर वाळत घातलेली धुणी होती आणि त्यांच्यावरून सरकणारी चिमणीच्या धुराची सावली. पाहता पाहता सावली खरी वाटायला लागे आणि कपडे भास. मुंबईच्या एका फिल्म सोसायटीने तो सिनेमा दाखवला. तिथल्या पत्रकात गौतमीने लिहिलं होतं, 'दिसणं आणि असणं यांच्यामधली रेषा मला पुसायची आहे.' हे वाक्य तिला तेव्हा फार आवडलं होतं.

शहाऐंशीच्या दिवाळीत ती कोसमटोल्याला गेली. मुलचेऱ्याच्या पुढे जंगलात वीस-बावीस घरांचं गाव. तिथल्या आश्रमशाळेत एक मास्तर तिच्या ओळखीचे होते, त्यांनी चैतू मडावीच्या घरी तिची राहण्याची सोय केली. येताना बसच्या खिडकीतून तिला एक गोष्ट दिसली होती. बस चालली की सागाची खोडं पळतात आणि बांधावर चालणारा माणूस जागीच उभा राहतो. तेच तिला पकडायचं होतं. माणूस चालतोय आणि झाडं त्याच्यातून निघून जातायत.

चैतूच्या घरी चार माणसं. तो, त्याची बायको रुखमाबाई, मुलगा जंगू आणि सून बायनाबाई. आपसांत गोंडी बोलत, तिच्याशी मराठी. धानाची कापणी चालू होती. जंगू चोवीस-पंचविशीचा, अंगाने काटक, खांद्यावर कावड घेऊन भारे खळ्यावर आणायचा. दोन्ही टोकांना धानाचे भारे आणि मध्ये तो. बांबू लचकायचा त्या ठेक्यात त्याचे गुडघे किंचित वाकत. गौतमीने दोन दिवस नुसतं ते चालणं पाहिलं. तिसऱ्या दिवशी चावी देऊन चालणारा आपला कॅमेरा तिने बांधावर उभा केला.

"मी काय करू?" जंगूने विचारलं.

"काही नाही. रोज चालतोस तसा माझ्याकडे ये."

"बस?"

"बस."

तो चालत आला. एकदाच. चौदा सेकंद. मग गौतमीने भिंगावर झाकण लावून फिल्म तेवढीच मागे फिरवली, बंडीत बसली, आणि बैल चालले असताना त्याच फिल्मवर सागाची खोडं घेतली. जंगू बंडी हाकत होता. त्याने मागे वळून विचारलं, "आता याच्यात मी राह्यलो का?"

"राहिलास."

"मंग मले एक फोटो दे ना, बाई. घरात कोणाचाच नाई."

साध्या फोटोचा कॅमेरा तिने आणला नव्हता. "पुढच्या वेळी नक्की काढू," ती म्हणाली.

फिल्म मुंबईहून धुऊन यायला जानेवारी उजाडला. तिने खोलीत पडदा ओढून ती पाहिली आणि तिला हवं होतं त्याहून जास्त त्यात होतं. जंगू लचकत येतो. एक खोड त्याच्या खांद्यातून शिरतं, छातीतून जातं, दुसऱ्या बाजूने निघतं. मग दुसरं, मग तिसरं. मधूनच त्याच्या पोटातून दूरचं जंगल दिसतं. तो जवळ येतो तसा विरळ होत जातो. तिने ती चौदा सेकंदं त्या दिवशी वीसेक वेळा पाहिली. इतकं नेमकं काम आपल्या हातून आधी झालं नाही, असं तिला वाटलं, आणि ते खरंही होतं.

पुढच्या दिवाळीत ती पुन्हा निघाली, तेव्हा साधा कॅमेरा आठवणीने पिशवीत टाकला होता.

चैतूच्या अंगणात रुखमाबाई एकटीच सूप घेऊन बसली होती. गौतमीने विचारलं, "जंगू शेतात आहे का, बाई?"

रुखमाबाईने सूप खाली ठेवलं. "तो गेला, बाई. पोळ्याच्या आंगंमांगं. थंडीताप आला. तीन दिवस डोकं धरून पडला, मंग वळखेना. दवाखान्यात बंडीवर नेऊन राह्यलो होतो. रस्त्यातच गेला."

गौतमी तशीच खाली बसली. आतून बायनाबाईने पाण्याचा गडवा आणून ठेवला आणि ती परत आत गेली.

रुखमाबाई म्हणाली, "तुह्याजवळ त्याचा फोटो हाये ना? तो सांगे सगळ्यायले, बाईच्या डब्ब्यात मी हावो म्हणे."

"आहे," गौतमी म्हणाली. "पण तो साधा फोटो नाही, बाई."

"चालता-बोलता हाये म्हणे."

"चालता आहे. बोलत नाही."

"मंग तेच दाखव." रुखमाबाईने तिचा हात धरला. "मले त्याचं तोंड याद येत नाई वं. सकाळी उठली का घडीभर येते, मंग जाते. आईले पोराचं तोंड याद नाई म्हणजे काय म्हणावं?"

त्यात तोंड नीट दिसत नाही, हे तेव्हाच सांगता आलं असतं. गौतमीने नंतर कितीदा तरी स्वतःशी म्हटलं, तेव्हाच सांगायला पाहिजे होतं. पण तो हात हातात असताना तिच्या तोंडून निघालं, "आणते."

नाताळच्या सुट्टीत ती प्रोजेक्टर घेऊन आली. गावात वीज नव्हती. शेजारच्या बंगाली निर्वासितांच्या वस्तीत बिस्वास नावाचा माणूस व्हिडिओचे खेळ लावायचा, त्याने जनरेटर बंडीत घालून आणून दिला. दिवेलागण झाली तसं चैतूच्या ओसरीसमोर पांढरं धोतर ताणून बांधलं. फक्त घरची माणसं असावीत असं गौतमीने सुचवून पाहिलं होतं, पण सगळं गाव आलं. जंगू दिसणार म्हटल्यावर कोण घरी बसेल? रुखमाबाई सगळ्यांत पुढे बसली होती, नवं लुगडं नेसून.

धोतरावर बांध दिसला. दुरून कावड लचकत आली. लोकांतून एक हुंकार उठला आणि रुखमाबाई गुडघ्यांवर उठून बसली.

मग खोडं सुरू झाली. पहिलं त्याच्या खांद्यात शिरलं. दुसरं छातीतून गेलं. चेहरा जवळ येत होता, आता नीट दिसेल असं वाटेपर्यंत त्याच्यावरून साल सरकायची आणि नाक, डोळे तिच्यात बुडायचे. बायनाबाई भिंतीला टेकून उभी होती. ती हळूच म्हणाली, "चालणं त्याचंच हाये." रुखमाबाईने पदर तोंडावर ओढून घेतला. चौदा सेकंदं संपली. धोतर पांढरं झालं. फक्त जनरेटरचा आवाज राहिला.

"फिर से लगाऊं?" बिस्वासने विचारलं.

"नोको," चैतू म्हणाला.

लोक उठून गेले. चैतू गौतमीपाशी येऊन उकिडवा बसला. त्याचा आवाज चढला नव्हता.

"हे तू कवा पाह्यलं?"

"जानेवारीत."

"तवा तो जित्ता होता."

"हो."

"तवा तुले दिसलं का त्याच्या छातीतून झाड जाऊन राह्यलं. अन् तू सांगाले आली नाई."

"भाऊ, ते तसं नाही. ते झाड मीच..." आणि तिने सगळं सांगितलं. एकाच फिल्मवर दोनदा उजेड कसा पाडला, आधी जंगू, मग बंडीतून झाडं. ती सांगत होती ते चैतूला कळत होतं. बंडी त्याचीच होती, बैलही त्याचेच.

"म्हणजे झाड तूच घातलं."

"हो."

"काऊन?"

पत्रकातलं ते वाक्य तिला आठवलं. रेषेचं. ते इथे, या माणसाच्या तोंडासमोर म्हणता येणार नव्हतं.

"पाहायला चांगलं दिसतं म्हणून," ती म्हणाली.

चैतूने मान हलवली. "तुले चांगलं दिसलं," तो म्हणाला आणि उठून आत गेला.

सकाळी रुखमाबाईने तिला पेज दिली, जवळ बसून प्यायला लावली. निघताना गौतमीने पाया पडायला वाकावं तर तिने दोन्ही हातांनी तिचे खांदे धरून वर उठवलं आणि तोंड फिरवलं.

ऊर्जानगरला परतल्यावर चार दिवस गौतमी शाळेत जाऊन येई आणि कॉटवर पडून राही. तिची आई इंदुताई तिच्याशी बोलायला जाई आणि परत येई. पाचव्या दिवशी गुणवंतराव दिवसपाळी करून आले आणि डबा हातात असतानाच तिच्या खोलीत बसले. तिने त्यांना सगळं सांगितलं.

"तो पोरगा आणि झाडं वेगळी नाही करता येत?"

"नाही बाबा. दोन्हीचा उजेड एकाच जागी पडलाय. झाड काढायला गेलं तर तोही जातो."

"एखादी जागा असेल, जिथे झाड त्याच्या तोंडावर आलं नसेल."

"एक अख्खी फ्रेम नाही तशी. पाहिलं मी. कुठे कान मोकळा आहे, कुठे हनुवटी."

गुणवंतरावांनी डबा उघडून बंद केला. "मग तेवढं तेवढं घे. आधी तू चित्रंच काढत होतीस. हाताने काढ."

चौदा सेकंदांच्या तीनशे छत्तीस फ्रेमा होत्या. न्हाणीघरात एन्लार्जरखाली एकेक धरून गौतमी खालच्या कागदावर फक्त तेवढंच उतरवू लागली, जेवढं नक्की जंगूचं होतं. एका फ्रेममध्ये डावा कान. नऊ फ्रेमांनंतर कपाळाची कड. एका ठिकाणी दोन खोडांच्या फटीत तोंडाचा कोपरा, थोडा वर गेलेला. कुठे साल संपते आणि कातडी सुरू होते हे ठरवायला तिला एकेक संध्याकाळ लागायची. साल म्हणून सोडून दिलेली रेघ दुसऱ्या फ्रेममध्ये गालाची निघायची. आजवर तिने ज्या कडा पुसण्यात कौशल्य मानलं होतं, त्याच ती आता शोधत होती. महिन्याभराने सगळे तुकडे एका मोठ्या कागदावर जुळवून तिने कोळशाने चेहरा काढला.

इंदुताई दारात उभी राहून पाहत होती. "कोणाचा गं हा पोरगा? ओळखीचा वाटते."

"तू याला कधी पाहिलं नाहीस, आई."

फेब्रुवारीत एका शनिवारी ती चित्र गुंडाळून कोसमटोल्याला गेली. चैतू खळ्यावर होता, तो आत आला नाही. रुखमाबाई आणि बायनाबाई ओसरीत बसल्या आणि गौतमीने कागद जमिनीवर उलगडून कोपऱ्यांवर खडे ठेवले.

दोघी कागदावर वाकल्या.

"कान एवढे नव्हते," रुखमाबाई म्हणाली.

"होते, मामी," बायनाबाई म्हणाली. "केस कापले का दिसत."

"गाल भरले होते त्याचे."

"ते लहानपणी. मंग बसले."

गौतमी पुसत होती, काढत होती. सासूचा जंगू आणि सुनेचा जंगू एक नव्हते. एकीच्या जंगूच्या कपाळावर केस होते, दुसरीच्या जंगूच्या तोंडाजवळ दोन रेघा होत्या ज्या रुखमाबाईने कधी पाहिल्याच नव्हत्या. मग भिवईवरच्या खाचेची गोष्ट निघाली. लहानपणी विळा लागून पडलेली. फिल्ममध्ये ती कुठेच मोकळी आली नव्हती.

"इथी," म्हणत रुखमाबाईने स्वतःच्या उजव्या भिवईला बोट लावलं.

"नाई, इथी," म्हणत बायनाबाईने आपल्या डावीला.

दोघी एकमेकींकडे पाहू लागल्या. रुखमाबाईच्या डोळ्यांत भीती उभी राहिली. बायनाबाईने आपलं बोट हळूच खाली घेतलं. गौतमीने कोळसा वर धरला आणि ती थांबली.

चैतू केव्हा ओसरीच्या पायरीवर येऊन उभा राहिला होता ते कोणाला कळलं नाही. तो चित्राच्या खालच्या अंगाला बसला, कोंडा लागलेले हात धोतराला पुसले आणि एक बोट सरळ कागदावर टेकलं.

"इथी."

गौतमीने बोटाच्या बाजूला खाच काढली. त्याने बोट उचललं नाही. ते गालावरून खाली आणून तोंडाच्या वर गेलेल्या कोपऱ्यावर थांबवलं.

"हे पूस. हासत नोको दाखवू."

"फिल्ममध्ये तसं आहे, भाऊ."

"असन. तुह्याकडे पाहून हासला असन. माह्याशी तो सालभर बोलत नव्हता. त्याले बांबूच्या कामावर कागदाच्या कारखान्याकडे जायचं होतं, मी जाऊ देल्लं नाई. मले तो हासताना याद नाई."

रुखमाबाई त्याला गोंडीत काहीतरी म्हणाली. गौतमीला ते कळलं नाही. चैतूने बोट उचललं. मग म्हणाला, "राहू दे मंग. आईसाठी राहू दे."

ते चित्र गौतमीने पुढच्या खेपेला काचेच्या चौकटीत बसवून आणून दिलं. जंगूसारखं ते किती होतं, हे तिला शेवटपर्यंत सांगता आलं नसतं. पण रुखमाबाईने ते धानाच्या कोठीवर ठेवलं, आणि आल्या-गेल्याला ती "हा माहा जंगू" म्हणून दाखवू लागली. सकाळी उठल्यावर याद येतं का, असं गौतमीने विचारलं, तेव्हा म्हणाली, "आता हेच येते." हे चांगलं झालं की वाईट, गौतमीला कळेना. रुखमाबाईचा चेहरा मात्र निवांत होता.

फिल्मचा डबाही तिने त्याच खेपेला नेला होता. तो चैतूपुढे ठेवून ती म्हणाली, "हे तुमचं आहे. जाळायचं तर जाळा. मी कुठेही दाखवणार नाही."

चैतूने डबा उचलून पाहिला. चुलीकडे पाहिलं. तेवढ्यात आतून बायनाबाई आली. सासऱ्यासमोर ती एरवी उभीही राहत नसे.

"नोको जाळू, मामा," ती म्हणाली. "चालणं त्याच्यातच हाये."

चैतूने डबा गौतमीला परत दिला. "तूच ठेव. हिले पाहा वाटन तवा दाखव. दुसऱ्या कोणाले नोको."

गौतमीने तो शब्द पाळला. पुढे तिने आणखी सिनेमे केले, त्यांतही एकावर एक चित्रं होती. ते तिला सोडता आलं नाही, तिचं पाहणंच तसं होतं. मात्र माणूस आला की आधी त्याचा साधा फोटो काढायचा, धुऊन त्याच्या घरी पोचवायचा, आणि मगच सिनेमाच्या कॅमेऱ्याला हात लावायचा, असा तिचा नेम झाला. पत्रकांत ती रेषेबद्दल लिहीनाशी झाली. कोणी विचारलंच तर काय केलंय ते सांगायची, का केलंय ते सांगायची नाही.

एकोणनव्वदच्या उन्हाळ्यात एका दुपारी क्वार्टरच्या दारात बायनाबाई उभी होती. सोबत रुंद खांद्यांचा एक माणूस होता. तो फाटकाबाहेरच कडुलिंबाखाली थांबला. चैतू-रुखमाबाईंनीच पुढाकार घेऊन फागुणात तिचं दुसरं लग्न लावून दिलं होतं, एटापल्लीकडच्या गावात.

"इसरू नाव हाये त्याचं," बायनाबाई म्हणाली. "चांगला हाये. त्याले सांगून आली."

इंदुताईने इसरूला बाहेर पाणी दिलं, मग खुर्ची टाकून दिली. गौतमीने खोलीचे पडदे ओढले, प्रोजेक्टर लावला. भिंतीवर कावड लचकत आली, खोडं आली, गेली. बायनाबाई उभ्यानेच पाहत होती.

"अजून एक डाव," ती म्हणाली.

गौतमीने पुन्हा लावली. या वेळी बायनाबाईच्या ओठांची हालचाल होत होती, जणू ती पावलं मोजत होती. भिंत पांढरी झाल्यावर तिने पदराने डोळे पुसले, नीट, दोन्ही.

"बस झालं, बाई. आता मी नाई येणार."

"केव्हाही ये. हे इथेच राहील."

"राहू दे," ती म्हणाली. "पण मी नाई येणार."

इंदुताईने चहा केला. बायनाबाईने बशीतून तो सावकाश प्यायला, बशी स्वतः धुऊन ठेवली. चारची बस होती. गौतमी त्यांना स्टॉपपर्यंत पोचवायला गेली. इसरूने वाटेत बायनाबाईची पिशवी आपल्या हातात घेतली. बसमध्ये चढताना बायनाबाई एकदा थांबली, मागे पाहून म्हणाली, "माही कोसमटोल्याची सासू बरी हाये. तुही याद करते," आणि आत जाऊन खिडकीशी बसली.